दामले आणि फत्तेलाल

आमच्या निघोजे गावाहून देहू फार दूर नाही. त्या देहूच्या तुकोबांचे चरित्र ज्यांनी पडद्यावर आणिले, त्या दोघा कलावंतांची ओळख आमच्या विद्यार्थ्यांस असावी, म्हणून हा अल्प प्रयत्न.

विष्णुपंत दामले व शेख फत्तेलाल हे दोघेही कोल्हापुरास बाबुराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत तयार झाले. पडदे रंगविण्यापासून कॅमेऱ्यापर्यंत पडेल ते काम करीत ते ही विद्या शिकले. तेथेच १९२८ साली त्यांनी 'महारथी कर्ण' हा मूकपट दिग्दर्शित केला. पुढे १९२९ साली व्ही. शांताराम, केशवराव धायबर व सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह त्यांनी कोल्हापुरात 'प्रभात' कंपनी स्थापिली. मालक झाले तरी दोघांनी हातचे काम सोडिले नाही, ही गोष्ट आम्हांस विशेष वाटते.

१९३२ साली 'अयोध्येचा राजा' हा बोलपट निघाला. नट बोले वा गाई, त्याच क्षणी ध्वनिमुद्रण करावे लागे. किंचित खडखडाट झाला तरी श्रम वाया जात. ते ध्वनिमुद्रण दामल्यांनी सांभाळिले आणि देखावे फत्तेलालांनी उभारिले.

१९३३ साली कंपनी पुण्यास आली. तेथे १९३६ साली या जोडीने 'संत तुकाराम' दिग्दर्शित केला. रंगभूमीवर स्त्रीभूमिका करणाऱ्या विष्णुपंत पागनीसांस त्यांनी तुकोबा केले. चित्रात भपका नाही. गरिबाचे घर, संसाराने त्रासलेली जिजाई व तिच्यापुढे निरुत्तर होणारा भक्त एवढेच दिसते. म्हणूनच ते खरे वाटते. मुंबईस ते वर्षाहून अधिक काळ चालले आणि १९३७ साली इटलीतील व्हेनिसच्या महोत्सवात गौरविले गेले. एक ब्राह्मण, एक मुसलमान. दोघांनी मिळून वारकऱ्यांच्या संताची कथा सांगितली, आणि कोणाचे नाव आधी घालावे हा वाद त्यांच्यात झाल्याचे आमच्या ऐकिवात नाही.

१९४० साली त्यांचा 'संत ज्ञानेश्वर' आला. १९४५ साली दामले निवर्तले, १९५३ साली 'प्रभात' बंद पडली. त्याच जागी १९६० पासून चित्रपटशिक्षणाची सरकारी संस्था आहे.

आज निघोज्याभोवती कारखाने उभे आहेत. आमची पुष्कळ मुले तेथे यंत्रांपाशी उभी राहतील. हाताने काम करणारा तो खालचा, असे त्यांना कोणी म्हणाल्यास त्यांनी दामले-फत्तेलालांचे स्मरण करावे.