मज्जारज्जूला इजा झाल्यावर पोहता येते का?

अपघातात मणक्याला मार लागून पायांतील ताकद गेली की घरातल्यांचे पहिले प्रश्न ठरलेले असतात: पुन्हा चालता येईल का? किती महिने लागतील? पोहण्याचा विषय त्यात नसतो. कोणी काढलाच, तर ‘आधी नीट बसू दे, मग बघू’ असे म्हणून तो मागे पडतो. पण भारताचे पहिले पॅरालिम्पिक सुवर्णपदक अशाच एका रुग्णाने पोहून मिळवले, आणि त्यांचे पोहणे उपचार म्हणून सुरू झाले होते.

गोळीपासून पदकापर्यंत

मुरलीकांत पेटकर हे मूळचे सांगली जिल्ह्यातील इस्लामपूरजवळच्या पेठ गावचे. लष्करात असताना ते बॉक्सिंग करत. १९६५ च्या भारत-पाकिस्तान युद्धात त्यांना अनेक गोळ्या लागल्या. एक गोळी पाठीच्या कण्यात रुतली आणि पायांतील हालचाल गेली. पुनर्वसनाच्या काळात त्यांना पोहण्याचा सल्ला देण्यात आला. १९७२ मध्ये पश्चिम जर्मनीतील हायडेलबर्ग पॅरालिम्पिकमध्ये त्यांनी ५० मीटर फ्रीस्टाइल शर्यत ३७.३३ सेकंदांत जिंकली. तो तेव्हाचा जागतिक विक्रम होता. २०१८ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. ‘चंदू चॅम्पियन’ हा २०२४ चा चित्रपट त्यांच्याच आयुष्यावर आहे.

दुखापत ते पदक या प्रवासाला सात वर्षे लागली, हे लक्षात ठेवा. पहिल्या काही महिन्यांत फारसा फरक दिसला नाही म्हणून खचून जाऊ नका.

पॅरालिम्पिकचा उगमही रुग्णालयातलाच. इंग्लंडमधील स्टोक मँडविल रुग्णालयात डॉ. लुडविग गुटमन यांनी मज्जारज्जूच्या रुग्णांच्या उपचारात खेळ आणले. १९४८ मध्ये तिथे जखमी सैनिकांची स्पर्धा झाली आणि १९६० मध्ये रोमला पहिले पॅरालिम्पिक भरले.

पाण्यात काय बदलते?

कमरेइतक्या पाण्यात शरीराचे वजन साधारण निम्मे जाणवते, मानेपर्यंतच्या पाण्यात सुमारे दहावा हिस्सा. त्यामुळे जमिनीवर न जमणारी हालचाल पाण्यात जमते. कोमट पाण्यात स्नायूंचा ताठरपणा काही काळ कमी होतो. हात, खांदे, पाठ आणि श्वसनाचे स्नायू बळकट होतात. खुर्चीतून पलंगावर स्वतः सरकण्यासाठी हीच ताकद लागते. आणि पाण्यात व्हीलचेअर लागत नाही. रुग्णाच्या मनावर याचा परिणाम मोठा असतो.

मात्र पोहण्याने तुटलेला मज्जारज्जू जुळत नाही. ‘पोहायला लागला की चालायला लागेल’ असे आश्वासन रुग्णाला देऊ नका. ते खोटे ठरले की तो पोहणेही सोडतो.

पाण्यात उतरण्यापूर्वी

मणका स्थिर झाला आहे आणि शस्त्रक्रियेची जखम पूर्ण भरली आहे, असे तुमच्या डॉक्टरांनी सांगितल्यावरच सुरुवात करा. नंतर दर वेळी हे पाहा:

• लघवीची पिशवी रिकामी करून घ्या. कॅथेटर असेल तर काय करायचे ते डॉक्टरांना विचारा.
• पाठ, कंबर, माकडहाड आणि टाचा तपासा. बेडसोर किंवा उघडी जखम असेल तर पाण्यात उतरू नका.
• पायांना संवेदना नसल्याने तलावाच्या काठावर खरचटलेले कळत नाही. पायात मोजे घाला, बाहेर आल्यावर त्वचा पुन्हा पाहा.
• इजा वरच्या पातळीवर असेल तर शरीर तापमान नीट सांभाळू शकत नाही. थंड पाणी टाळा.
• ताप, जुलाब, लघवीचा संसर्ग किंवा नियंत्रणात नसलेली फिट असेल तर पोहू नका.
• रुग्णाला एकटे कधीही सोडू नका. सुरुवात फिजिओथेरपिस्ट किंवा प्रशिक्षित व्यक्तीबरोबरच करा.

हे लक्षण ओळखा

छातीच्या सहाव्या मणक्याच्या पातळीवर किंवा त्याच्या वर इजा असेल, तर भरलेली लघवीची पिशवी, बद्धकोष्ठता किंवा घट्ट कपडे एवढ्यानेही रक्तदाब एकदम वाढू शकतो. अचानक तीव्र डोकेदुखी, चेहरा लाल होणे, घाम येणे ही त्याची लक्षणे आहेत. रुग्णाला लगेच पाण्याबाहेर काढा, आडवे न करता बसवा, कपडे सैल करा, लघवी अडली आहे का पाहा. लगेच बरे वाटले नाही तर तातडीने रुग्णालयात न्या.

स्पर्धेत उतरायचे असेल तर

पॅरा जलतरणात शारीरिक अपंगत्वासाठी एस १ ते एस १० असे गट असतात. आकडा जितका लहान, तितकी हालचालीची मर्यादा जास्त. त्यामुळे साधारण सारखी क्षमता असलेले खेळाडू एकमेकांशी लढतात. ज्यांना काठावरून उडी मारता येत नाही, त्यांना पाण्यातूनच सुरुवात करण्याची मुभा असते. शर्यतीत कृत्रिम पाय किंवा हात वापरता येत नाही.

प्रत्येकाने पदक मिळवावे असे नाही. कोणाला स्वतः कपडे बदलता आले, कोणाला आधाराशिवाय बसता आले, तरी पोहण्याचे सार्थक झाले. पुढच्या तपासणीला जाल तेव्हा ‘चालेल कधी?’ या प्रश्नाबरोबर आणखी एक प्रश्न विचारा: ‘याला पाण्यात कधी उतरवता येईल?’