दिवा लागला, तरी घाई नको

मंडळी, मोटारीच्या इंजिनाचा पिवळा दिवा लागला की गॅरेजवाला यंत्र जोडतो आणि म्हणतो, "ऑक्सिजन सेन्सर गेला, बदलावा लागेल!" पण थांबा.

हा सेन्सर धुराच्या नळीत बसवलेला पहारेकरीच. जळून बाहेर पडणाऱ्या वायूत प्राणवायू किती उरला, ते तो इंजिनाच्या संगणकाला कळवतो. नेहमीच्या जातीचा सेन्सर पेट्रोल जास्त झाले तर सुमारे ०.९ व्होल्ट दाखवतो, हवा जास्त झाली तर ०.१. इंजिन तापल्यावर हा आकडा सारखा वरखाली व्हायला हवा.

यंत्रावर 'पी०१७१' हा क्रमांक आला, तर अर्थ एवढाच, की हवा जास्त, पेट्रोल कमी. हवेची रबरी नळी चिरली असेल, किंवा सेन्सरच्या अलीकडे धुराची नळी फुटली असेल. 'पी०१३५' आला, तर सेन्सर तापवणाऱ्या विजेच्या जोडणीत बिघाड आहे. आधी फ्यूज आणि वायर पाहा. ती ठीक असतील, तरच सेन्सरकडे वळा.

क्रमांक तक्रार सांगतो, गुन्हेगार नव्हे. न तपासता सेन्सर बदलणे म्हणजे चोर सोडून संन्याशाला सुळी देणे. पैसे जातात, दिवा मात्र पुन्हा लागतो!