फिल्म धुणारे हात

हळदीचा डाग पडलेलं पातळ धुऊन उन्हात टाकलं की डाग उडतो, हे तुम्हांला कुणी शिकवायला नको. सिनेमाची फिल्मही उजेडाला अशीच हळवी. तिथे मात्र उलटा प्रकार! जिथे उजेड लागेल तिथे ती धुतल्यावर काळी पडते. म्हणून तिचं सारं काम अंधारात.

मराठी घरात हे काम पहिल्या-पहिल्यांदा कुणी केलं, ठाऊक आहे? सरस्वतीबाई फाळके यांनी. दादासाहेब फाळके 1912 साली विलायतेत कॅमेरा खरेदी करून आले, दागिने गहाण पडले, नि दादरच्या घरात कारखाना सुरू झाला. कच्ची फिल्म तेव्हा कोरी यायची. कडेची भोकं घरीच, काळोखात पाडायची. फुटाला दोन्ही कडा मिळून 128 भोकं, आणि ‘राजा हरिश्चंद्र’ सुमारे 3,700 फुटांचा. करा हिशेब! फिल्म धुण्याची रसायनं कालवणंही बाईंकडेच. शिवाय दिवसा साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक, आणि चित्रीकरणात उजेड परतवायला पांढरी चादर धरून उन्हात उभं राहणं.

3 मे 1913 रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये चित्रपट लागला. दादासाहेबांना जनक म्हणतात, ते योग्यच. पण ज्या हातांनी ती पट्टी तयार केली त्यांना आपण कारागीर म्हणत नाही, ‘साथ दिली’ म्हणतो. मला हा शब्द तोकडा वाटतो.

पुढे परदेशात काहींनी कॅमेराच बाजूला ठेवला. न्यूझीलंडच्या लेन लाय यांनी 1935 मध्ये सरळ फिल्मवर रंगकाम केलं. अमेरिकेच्या स्टॅन ब्रॅकेज यांनी 1963 मध्ये पतंगांचे पंख नि पानं पारदर्शक पट्टीवर चिकटवून चित्रपट केला.

पानाची गंमत तुम्हीही करून बघा. हिंगोली-वसमतकडे हळदीला काय तोटा! चमचाभर हळद थोड्या स्पिरिटमध्ये कालवून (शेगडीपासून दूर हं!) गाळून घ्या, जाड कागदावर फासा आणि अंधारात वाळवा. वर चिंचेची डहाळी ठेवून काच दाबा, दोन-तीन तास कडक उन्हात ठेवा. भोवतालचा पिवळा उडेल. मग टाकणखाराचं पाणी फिरवा. साबण लागल्यावर डाग लाल होतो ना, तशीच डहाळी तांबूस उमटेल. कागद पुन्हा उन्हात ठेवू नका, वहीत मिटून ठेवा.