हिस्सा आणि होकार

भावाभावांचा वाटणीचा दावा न्यायालयात उभा राहिला की तो लवकर संपत नाही. आधी प्राथमिक हुकूमनामा होतो; कोणाचा हिस्सा किती, एवढंच त्यात ठरतं. सारा भरणारी शेतजमीन असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ नुसार प्रत्यक्ष वाटप जिल्हाधिकाऱ्यांकडे जातं. मग मोजणी, हरकती, अपिलं. दरम्यान मूळ पक्षकार वारतात आणि दाव्यात वारसांची नावं चढत जातात.

न्यायालय अशा कुटुंबाला मध्यस्थी केंद्राकडे पाठवू शकतं. त्यासाठीचं त्याच संहितेतलं कलम ८९ सध्याच्या रूपात १ जुलै २००२ पासून अमलात आलं. मध्यस्थीला कोणती प्रकरणं योग्य, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये ॲफकॉन्स खटल्यात सांगितलं, तेव्हा पोटगी आणि मुलांच्या ताब्याबरोबर कुटुंबातल्या वाटणीचाही उल्लेख केला. २०२३ मध्ये मध्यस्थीचा स्वतंत्र कायदा झाला.

मध्यस्थ बहुधा प्रशिक्षण घेतलेला वकील किंवा न्यायाधीश असतो. लवादासारखा निवाडा देण्याचा अधिकार त्याला नाही, आणि त्याचं बळ त्यातच आहे. जो निकाल देणार नाही, त्याच्यापुढे खोटं रेटण्यात फायदा नसतो. इथलं बोलणं गोपनीय राहतं, पुढे पुरावा म्हणून वापरता येत नाही. तडजोड फिसकटली तर ‘झाली नाही’ एवढंच न्यायालयाला कळतं. कोण अडून बसलं, ते कळत नाही.

पहिली बैठक सगळ्यांची एकत्र होते. खरं काम पुढच्या स्वतंत्र बैठकांत चालतं. तिथे धाकटा भाऊ सांगतो, की विहिरीचं कर्ज त्याने एकट्याने फेडलं आणि त्याबद्दल घरात कोणी शब्दही काढला नाही. थोरल्याच्या मनात आईच्या आजारपणाचा खर्च असतो. यातलं काहीच दाव्याच्या कागदांत नसतं, पण दावा पेटता राहतो तो यावरच.

चांगलं तडजोडपत्र म्हणूनच बारकाव्यांनी भरलेलं असतं. विहिरीच्या पाण्याच्या पाळ्या कोणत्या वारी कोणाच्या, मोटारीचं वीजबिल कोण भरणार, ट्रॅक्टर कोणत्या बांधाकडून जाणार, आई कुठे राहणार, तिच्या औषधपाण्याचे पैसे महिन्याच्या कितव्या तारखेला कोण देणार. लढून मिळालेल्या निकालात या गोष्टी सहसा येत नाहीत. कुटुंबाचं रोजचं जगणं मात्र यांवरच चालतं. या तडजोडीनुसार न्यायालय हुकूमनामा करतं. संमतीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही, आणि भरलेलं न्यायालयीन शुल्क परत मिळण्याचीही तरतूद आहे.

या व्यवस्थेची कसोटी लागते ती बहिणीच्या बाबतीत. ९ सप्टेंबर २००५ पासून हिंदू कुटुंबाच्या वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतकाच हक्क मिळाला. हा हक्क जन्मानेच येतो आणि त्या दिवशी वडील हयात असण्याची अट नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये विनीता शर्मा खटल्यात स्पष्ट केलं. तरी आपल्याकडे बहिणीपुढे हक्कसोडपत्र सरकवलं जातं. ‘माहेर तुटेल’ एवढं म्हटलं, की ती सही करते. एकत्र बैठकीत भावांसमोर तिला बोलता येत नाही. मध्यस्थाने तिला एकटीला विचारायला हवं: तुमच्या वाट्याला किती गुंठे येतात, ठाऊक आहे? त्याची किंमत काय? सही केली नाही तर काय होईल अशी भीती वाटते? तिला सल्ला द्यायला स्वतःचा वकील नसेल, तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून महिलांना तो मोफत मिळतो, हेही तिला सांगायला हवं.

हे सगळं कळल्यावरही तिने हिस्सा सोडला, तर तो तिचा निर्णय. त्याचा मान राखायलाच हवा. पण घर सांधण्याची किंमत दर वेळी तिच्याच हिश्श्यातून वसूल होत असेल, तर ती तडजोड नव्हे. मध्यस्थी केंद्राचं यश निकाली निघालेल्या दाव्यांच्या संख्येवर मोजू नये. सर्वांत दुबळ्या पक्षकाराने दिलेला होकार किती मोकळा होता, त्यावर मोजावं.