कढईतल्या पाण्याचा हट्ट

शाळेत ‘बाष्पनाचा अप्रकट उष्मा’ सगळेच पाठ करतात, पण त्याचा खरा हिसका कळतो तो कढईत. १ ग्रॅम पाणी ३० अंशांवरून १०० अंशांवर न्यायला ७० कॅलरी पुरतात. त्याच पाण्याची वाफ करायला वर आणखी ५४० लागतात. दक्षिण चीनमधल्या ग्वांगडोंगकडचा एक साधा पदार्थ घ्या: बीफ आणि गाय-लान. गाय-लान म्हणजे कोबीच्या गोतातली, जाड देठांची हिरवी पालेभाजी. (अमेरिकेतल्या चिनी खानावळींनी तिच्या जागी ब्रोकोली घातली आणि पदार्थ तिथल्या घराघरांत पोचला.) चुलीवर चार-पाच मिनिटांत उरकणाऱ्या या प्रकाराचे बहुतेक सगळे नियम त्या ५४० कॅलरींनी घालून दिले आहेत.

मांसाला तपकिरी रंग आणि खमंगपणा येतो तो माइयार अभिक्रियेमुळे. लुई कामीय माइयार या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ साली तिचं वर्णन केलं. प्रथिनांतली अमिनो आम्लं आणि साखरा यांची ही गट्टी साधारण १४० अंशांच्या पुढे जोरात जमते. आणि पृष्ठभागावर पाणी आहे तोवर तापमान शंभरीच ओलांडत नाही!

आता हिशेब मांडा. घरच्या मोठ्या शेगडीची धग दोन-अडीच किलोवॉट. त्यातली फार तर निम्मी कढईत शिरते. पाव किलो मांस एकदम लोटलं आणि त्याला दोन मोठे चमचे पाणी सुटलं, तर नुसतं ते उडवायला जवळपास एक मिनिट जातं. पातळ कापाला शिजायला एवढा वेळ लागतच नाही. म्हणजे रंग चढायच्या आधीच मांस उकडून चिवट. हॉटेलातल्या वॉकखालची शेगडी घरच्यापेक्षा दहापट ताकदीची असू शकते, तिला हे परवडतं. आपण मांस फडक्याने टिपून घ्यावं, कढईतून धूर निघू लागला की निम्मंच टाकावं, काढावं, मग उरलेलं.

काप पातळ का, याचं उत्तर तर मला फारच आवडतं. उष्णता आत पोचायला लागणारा वेळ जाडीच्या वर्गाच्या पटीत वाढतो. काप दुप्पट जाड केला की वेळ चौपट. तीन मिलिमीटरच्या कापाच्या मध्यापर्यंत धग काही सेकंदांतच जाते. सुरी धाग्यांना आडवी चालवायची, म्हणजे दाताखाली येतात ते आखूड तुकडे. कापांना पाव चमचा खायचा सोडा चोळून पंधरा मिनिटं ठेवतात, मग धुऊन कोरडे करतात. सोड्याच्या अल्कतेमुळे प्रथिनं एकमेकांना करकचून आवळत नाहीत, आतलं पाणी आतच राहतं. वर तीच अल्कता माइयार अभिक्रियेला वेगही देते. एका चिमटीत दोन्ही कामं! महाराष्ट्रात २०१५ पासून गोवंश हत्याबंदी आहे, त्यामुळे इथे मिळतं ते म्हशीचं मांस. त्याचे धागे भरड, तेव्हा ही युक्ती इथे जास्तच कामाची.

भाजीची गंमत वेगळी. कढईत पडताच देठ एकदम झगझगीत हिरवे होतात, कारण पेशींमधली हवा निघून जाते आणि आतला हिरवा रंग मोकळा दिसतो. पण धग लांबली की पेशींमधली आम्लं हरितद्रव्यातला मॅग्नेशियमचा अणू हुसकावून लावतात आणि भाजी शेवाळी पडते. म्हणून देठ आधी, पानं मागून, आणि झाकण नको: थोडी आम्लं वाफेबरोबर निघून जातात.

हे सगळं सतत उडवत का राहायचं? जॉर्जिया टेकमधल्या हंगटांग को आणि डेव्हिड हू यांनी २०२० मध्ये फ्राइड राइस परतणाऱ्या आचाऱ्यांच्या हालचाली मोजल्या. सेकंदाला जवळपास तीन झोके! तापलेल्या लोखंडाला घास क्षणभरच टेकतो, मग हवेत. करपायला सवडच नाही.

शेवटी मांस परत कढईत, सोया सॉस, ऑयस्टर सॉस आणि गार पाण्यात कालवलेलं चमचाभर कॉर्नफ्लॉर. आतापर्यंत ज्याला हुसकत होतो ते पाणी आपणच ओततो. पण ६५-७० अंशांच्या पुढे पिठाचे कण ते पाणी पिऊन फुगतात, आणि पातळ रस अर्ध्या मिनिटात चकचकीत होऊन मांसाला चिकटतो. पीठ थेट गरम रसात टाकलं, तर गोळ्याचं बाहेरचं आवरण आधी फुगतं, पाण्याची वाट बंद होते, आणि आत पांढरी कोरडी गुठळी तशीच राहते.