आधी उकळी, मग झाकण

पाऊस सरतो, पहाटेचा गारवा अंगाला लागू लागतो, तशी मंडईत आल्याच्या ढिगाशेजारच्या गवती चहाच्या जुड्यांना गिऱ्हाईक वाढतं. जुडीत बहुधा पुदिन्याच्या चार काड्याही बांधलेल्या असतात. घरात कुणाचं तरी नाक वाहायला लागलेलं असतं, घसा खवखवत असतो, आणि संध्याकाळी गॅसवर एक वेगळं पातेलं चढतं. कुठे त्याला काढा म्हणतात, कुठे उकाळा. कोकणात पातीचा चहा होतो, घाटावर सुंठ घातलेला गुळाचा कोरा चहा होतो. गोव्यात धने-जिऱ्याचं कषाय होतं आणि आणखी खाली केरळात सुंठ-मिरी घालून चुक्कु कापी उकळते. नावं आणि जिन्नस बदलतात, पण गरम, तिखट, सुवासिक पाणी घोट घोट प्यायचं, हे सगळीकडे तेच.

या पातेल्याबद्दल आपल्याकडे दोन टोकांची मतं ऐकू येतात. एका मते त्यात सगळ्या रोगांचं उत्तर आहे, दुसऱ्या मते ती नुसती समजूत आहे. मला दोन्ही पटत नाहीत. काढा सर्दी बरी करत नाही, पण सर्दीच्या माणसाला खरोखर आराम देतो. तो आराम किती मिळणार, हे मुख्यतः कुठला जिन्नस उकळायचा आणि कुठला नुसता झाकून ठेवायचा, यावर ठरतं. जुन्या घरांत हे हाताला ठाऊक होतं. पुड्यांच्या आणि पाकिटांच्या दिवसांत नेमकं तेच हातातून निसटत चाललं आहे.

सर्दीवर औषध शोधण्याचे प्रयत्न कमी झालेले नाहीत. इंग्लंडमध्ये सॉल्सबरीजवळ 1946 साली खास सर्दीच्या अभ्यासासाठी एक केंद्र निघालं. स्वयंसेवक तिथे येऊन राहायचे, त्यांच्या नाकात विषाणूंचे थेंब सोडले जायचे आणि पुढे काय होतं ते टिपलं जायचं. चार दशकांहून अधिक काळ हे काम चाललं. त्यातून विषाणूंबद्दल पुष्कळ कळलं, सर्दी बरी करणारं औषध मात्र हाती लागलं नाही. कारण सर्दी हा एका विषाणूचा आजार नव्हेच. ती आणणारे विषाणू दोनशेच्या वर आहेत. त्यांतला सर्वांत मोठा गट ऱ्हायनोव्हायरसचा, आणि एकट्या त्याचेच दीडशेहून अधिक प्रकार. शरीर आठवडा-दहा दिवसांत त्यांचा निकाल स्वतःच लावतं. प्रश्न उरतो तो मधल्या दिवसांचा.

तिथे गरम पेयाचं काम सुरू होतं, आणि त्याची मोजणीही झालेली आहे. 1978 साली अमेरिकेत डॉक्टरांनी निरोगी माणसांना गरम पाणी, थंड पाणी आणि कोंबडीचं गरम सूप पाजून नाकातला चिकट स्राव किती वेगाने सरकतो ते मोजलं. गरम पाण्याने वेग वाढला, सुपाने आणखी थोडा वाढला आणि थंड पाण्याने उलट मंदावला. गरम पेयांचा परिणाम अर्ध्या तासात ओसरला. पुढे 2008 साली वेल्समधल्या कार्डिफ विद्यापीठात सर्दी झालेल्या 30 जणांवर प्रयोग झाला. फळांचं तेच सरबत काहींना गरम दिलं, काहींना खोलीच्या तापमानाचं. खोलीच्या तापमानाच्या सरबताने वाहतं नाक, खोकला आणि शिंका यांत थोडा फरक पडला. गरम सरबताने याशिवाय घशाची खवखव, अंगात भरलेली हुडहुडी आणि थकवाही लगेच हलका झाला. पण नाकातून जाणारी हवा यंत्राने मोजली तेव्हा ती वाढलेली नव्हती. नाक मोकळं झाल्याचं माणसांनी सांगितलं, यंत्राने नाही सांगितलं.

हा निकाल मला फार मोलाचा वाटतो. तो वाचून काढ्याला नावं ठेवायची गरज नाही. श्वास कोंडल्याची जाणीव हाच तर सर्दीतला निम्मा त्रास असतो, आणि जाणीव बदलणं हाही उपचारच आहे. ती कशी बदलते, याचा एक धागा मज्जातंतूंच्या संशोधनात सापडतो. चटका बसल्याची वर्दी मेंदूला देणारं एक प्रथिन आपल्या संवेदक पेशींवर असतं. डेव्हिड ज्युलियस यांच्या गटाने 1997 साली ते शोधलं आणि 2021 च्या नोबेल पारितोषिकात त्या कामाचा वाटा होता. मिरचीतल्या तिखटाने हे प्रथिन जागं होतं, तसंच मिऱ्यातल्या पायपेरिनने आणि आल्यातल्या जिंजेरॉलनेही होतं. म्हणून आल्या-मिऱ्याचा घोट घशाखाली उतरताना त्याच्या खऱ्या तापमानापेक्षा ऊन लागतो, तोंडाला पाणी सुटतं, नाक वाहू लागतं आणि सुकलेला घसा ओला होतो. पुदिन्यातलं मेंथॉल याच्या उलट वाटेने जातं. ते गारव्याची वर्दी देणारं दुसरं प्रथिन जागं करतं आणि नाकात गार झुळूक शिरल्यासारखं वाटतं. मंडईत आल्याच्या ढिगाशेजारी पुदिना बांधलेली जुडी मांडणाऱ्या हातांनी दोन्ही वाटा आधीच एकत्र आणल्या आहेत.

आता पातेल्याकडे वळू. आयुर्वेदाच्या शार्ङ्गधर संहितेत वनस्पतीतला गुण पाण्यात उतरवण्याच्या रीती वेगवेगळ्या सांगितल्या आहेत. क्वाथ म्हणजे काढा: भरडलेल्या द्रव्याच्या सोळापट पाणी घ्यायचं आणि मंद आचेवर आठवा हिस्सा उरेपर्यंत आटवायचं. फांट निराळा: भरड द्रव्य चौपट ऊन पाण्यात टाकायचं, कुस्करायचं आणि गाळून घ्यायचं. हिमात तर विस्तवच नाही, रात्रभर थंड पाण्यात भिजत ठेवायचं. या तिन्हींचा भेद केवळ ग्रंथातला नाही, त्यामागे रसायनशास्त्र आहे. लाकडासारखी साल, वाळलेलं मूळ, कठीण दाणा यांच्यातला अर्क बाहेर यायला वेळ आणि उष्णता लागते. कोवळं सुवासिक पान उकळत ठेवलं तर त्यातलं मोलाचं तेल वाफेबरोबर निघून जातं.

गवती चहा हे याचं सर्वांत स्पष्ट उदाहरण. हे खरं म्हणजे एक गवत. चहाच्या झुडपाशी त्याचं काही नातं नाही आणि त्यात कॅफीनही नाही. त्याच्या तेलात सुमारे 65 ते 85 टक्के सिट्रल असतं, लिंबासारखा वास येतो तो त्याचाच. कारखान्यात हे तेल काढतात तेच मुळी पात्यांमधून वाफ सोडून. ती वाफ थंड केली की तेल वेगळं होतं. उघड्या पातेल्यात गवती चहा पंधरा मिनिटं खळखळवला, तर आपण तीच क्रिया करत असतो, फक्त वाफ धरून ठेवणारं काही नसतं. घरभर सुटलेला घमघमाट म्हणजे कपातून गेलेला माल. तुळशीचंही तसंच, तिच्यातलं युजेनॉलही वाफेबरोबर उडतं. युजेनॉल लवंगेतही आहे, पण लवंग टणक असल्यामुळे ते सावकाश सोडते.

आल्याचं वागणं वेगळं. ओल्या आल्यात मुख्य तिखट जिंजेरॉलचं. आलं वाळलं किंवा बराच वेळ तापलं की त्यातल्या काही जिंजेरॉलचं शोगाओल होतं, आणि ते अधिक झोंबतं. म्हणून सुंठ आल्यापेक्षा घशाला जास्त जाणवते. म्हणूनच चिमूटभर सुंठ इंचभर आल्याच्या बदली चालते, पण चव तीच येत नाही. मिऱ्यातलं पायपेरिन पाण्यात जेमतेम विरघळतं. अख्खे दाणे उकळून फारसं काही हाती येत नाही, खलबत्त्यात भरडावेच लागतात.

दोघांसाठी मी असं करते. तीन कप पाण्यात अंगठ्याच्या पेराएवढं आलं ठेचून, चार मिऱ्यांची भरड, दोन लवंगा आणि बोटाच्या पेराएवढी दालचिनी घालायची. मंद आचेवर दहा-बारा मिनिटं, साधारण दोन कप उरेपर्यंत. मग गॅस बंद. त्यानंतर गवती चहाच्या तीन-चार पाती कात्रीने कापून, सात-आठ तुळशीची पानं आणि असल्यास पुदिना टाकायचा आणि लगेच घट्ट झाकण ठेवायचं. पाच-सात मिनिटांनी झाकणाच्या आतल्या बाजूला जमलेलं पाणी पातेल्यातच निथळू द्यायचं, त्यात वास असतो. गाळून गूळ घालायचा. लिंबू पिळायचं ते कपात. म्हणजे एकाच पातेल्यात आधी काढा आणि मग फांट. नुसत्या गवती चहाचा करायचा असेल तर पहिल्या भागातले जिन्नस वगळा.

दूध घालायचं असेल तर एक गोष्ट सांभाळावी लागते. ओल्या आल्यात प्रथिनं तोडणारं विकर असतं आणि ते दूध फाडतं. चीनमध्ये याच गुणावर आल्याचं दही लावतात. उकळीने हे विकर निकामी होतं, म्हणून आलं आधी पाण्यात चांगलं उकळून मगच दूध ओतायचं. गुळानेही दूध फाटण्याचा धोका असतो, तो गॅस बंद केल्यावर घालावा. दुधाने कफ वाढतो ही समजूत घट्ट आहे. 1990 साली ऑस्ट्रेलियात 60 जणांना सर्दीचा विषाणू देऊन हे तपासलं गेलं. दूध जास्त पिणाऱ्यांच्या नाकातून स्राव जास्त आला नाही. तरी दूध तोंडात थुंकीशी मिसळून दाटपणा येतो, आणि भरल्या घशाला तो नको वाटतो. ज्याला नको वाटतं त्याने कोरा प्यावा.

कुंपणाला लावलेला अडुळसाही काढ्यात पडतो, आणि त्याची गोष्ट थोरच आहे. त्यातल्या व्हॅसिसिन या घटकावरून ब्रोमहेक्झिन हे औषध घडवलं गेलं. ब्रोमहेक्झिनचं शरीरात जे रूपांतर होतं, तेच अँब्रोक्झॉल. औषधाच्या दुकानात कफ पातळ करणाऱ्या बाटलीवर ही नावं छापलेली असतात आणि त्यांचा वंश परसातल्या कुंपणापर्यंत पोचतो. पण अडुळसा गर्भाशयाचं आकुंचन घडवू शकतो, तो गर्भवतीने घेऊ नये. काष्ठौषधींच्या दुकानात मिळणारं ज्येष्ठमध घशाला मऊ वाटतं. त्यातलं ग्लिसिरायझिन साखरेच्या सुमारे पन्नासपट गोड असतं, आणि रोज बरंच पोटात गेलं तर रक्तदाब वाढवतं, पोटॅशियम उतरवतं. रक्तदाबाच्या माणसाच्या काढ्यात ते नकोच. दालचिनी घेताना साल पाहून घ्यावी. जाड, कडक, एकाच वळणाची असेल तर ती कॅशिया. तिच्यात कौमारिन भरपूर असतं आणि ते यकृताला बाधक. पातळ पापुद्रे एकात एक गुंडाळलेली खरी दालचिनी कोकणातही पिकते, दापोलीच्या कृषी विद्यापीठाने ‘कोकण तेज’ नावाचं तिचं वाणही दिलं आहे.

हे सगळं इतक्या तपशिलाने सांगावंसं वाटतं ते 2020 च्या कोविडच्या साथीमुळे. त्या वर्षी 31 मार्चला आयुष मंत्रालयाने तुळस, दालचिनी, मिरी, सुंठ आणि मनुका यांचा काढा दिवसातून एकदा किंवा दोनदा घ्यायला सांगितलं. पुढे ‘आयुष क्वाथ’ आला: तुळस चार भाग, दालचिनी दोन, सुंठ दोन, मिरी एक, तीन ग्रॅम पूड 150 मिलिलिटर पाण्यात. प्रमाण बेताचंच होतं. पण भीतीने प्रमाण राहिलं नाही. दिवसाला चार-पाच वेळा, महिनोन्‌महिने, सगळं एकत्र करून आटवलेलं पाणी लोक प्यायले. तोंड आलं, छातीत जळजळलं. त्याच वर्षाच्या शेवटच्या महिन्यांत मुंबईच्या डॉक्टरांना गुळवेल घेणाऱ्या सहा रुग्णांत यकृताची इजा दिसली, आणि 2021 मध्ये त्यांनी ती प्रसिद्ध केली. मंत्रालयाने आक्षेप घेतला, वापरलेली वेल गुळवेलच होती याची खात्री केलेली नाही असं म्हटलं. तो वाद बाजूला ठेवला तरी एवढं उरतंच की न ओळखता आणलेली वेल महिनाभर उकळून पिणं हे आजीचं शास्त्र नव्हे. आजी तीन दिवस काढा द्यायची आणि बंद करायची.

मिरीबद्दलही सावधपणा हवा. पायपेरिन आतड्यातून इतर औषधांचं शोषण वाढवतं. जम्मूच्या प्रयोगशाळेतल्या संशोधनावर आधारलेल्या क्षयाच्या एका गोळीत 10 मिलिग्रॅम पायपेरिन घालून रिफाम्पिसिनची मात्रा 450 वरून 200 मिलिग्रॅमवर आणली गेली. चार मिरे काढ्यात चालतात, पण फिट्सचं किंवा रक्त पातळ करणारं औषध चालू असेल तर रोजच्या रोज मुठीने नकोत.

मध घालायचा तर कप ओठाला लावता येईल इतका निवल्यावर. रात्रीच्या खोकल्यावर मुलांना मधाने आराम पडतो याला चाचण्यांचा आधार आहे, पण वर्षाच्या आतल्या बाळाला मधाचं बोटही लावू नये. त्यातले जिवाणूंचे बीजाणू उकळूनही मरत नाहीत आणि बाळाच्या आतड्यात विष तयार करू शकतात. कढत पिण्याची हौसही आवरावी. 65 अंशांवरची पेयं नेहमी पिणं अन्ननलिकेच्या कर्करोगाशी जोडलेलं आहे, असं जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने 2016 मध्ये नोंदवलं. ताप तीन दिवसांवर गेला, धाप लागली, छातीत दुखू लागलं, तर पातेलं उतरवून दवाखाना गाठायचा.

जुडी विकत घेण्यापेक्षा गवती चहाचा ठोंब कुंडीत लावणं सोपं आहे. शेजाऱ्याच्या ठोंबातून मुळासकट दोन फुटवे मागून आणावेत, मोठ्या तोंडाची कुंडी, खाली खापऱ्या, भरपूर ऊन. दोन-तीन महिन्यांत पाती कापणीला येते. पाती खेचू नये, हात चिरतो. कात्रीने चार बोटं बुडखा ठेवून कापली की पुन्हा फुटते. जास्तीची पाती सावलीत वाळवून डब्यात भरावी, उन्हात वाळवली तर वास जातो.