नताशा : नावाचे मूळ

नताशा हे लाडाचे, घरगुती रूप. दप्तरी नाव नताल्या, आणि त्याचे मूळ जन्मवाचक लॅटिन शब्द ‘नातालिस’, ज्यातून ख्रिस्तजन्माचा पवित्र दिवस सूचित होतो. निकोमीडिया नगरीत धर्मासाठी प्राणार्पण करणाऱ्या पतीला अखेरपर्यंत धीर देणाऱ्या संत नतालियेच्या स्मृतीने पावन झालेले हे नाव, इ.स. ९८८ मध्ये रुस राज्याने ख्रिस्ती धर्म स्वीकारल्यावर, बायझंटाइन परंपरेबरोबर तिकडे रुजले; टॉलस्टॉयच्या ‘युद्ध आणि शांती’ने ते जगभरच्या वाचकांचे केले. मला विशेष आत्मीयता वाटते ती एका साम्याची : ईट गावच्या शाळेतील दाखलखारिज रजिस्टरात मुलीच्या नावापुढे जसे वडिलांचे नाव आणि मग आडनाव लागते, तद्वतच त्या कादंबरीतील नताशा, इल्या रोस्तोव्हची कन्या, रीतसर नताल्या इल्यिनीच्ना रोस्तोवा ठरते.